तुझ्या गावातलं बंद बटण

स्वप्ना,

परवा तुझा दादा आमच्याकडे येऊन गेला. रोडपालीच्या आमच्या घरी तो पहिल्यांदाच येत होता. चपला दाराबाहेर जोडीने काढल्या, आईने दिलेलं पाणी उभ्यानेच प्यायला आणि सोफ्याच्या अगदी कडेवर बसला. तेव्हाच मी ओळखलं, हा नुसता भेटायला आलेला नाही. नुसता भेटायला आलेला माणूस मागे टेकून बसतो.

तू असतीस तर म्हणाली असतीस, "झालं, हिचं सुरू झालं." हो, झालं सुरू. माणूस पाणी कसं पितो यावरून त्याचा हेतू ताडायचा, ही मला घरातून मिळालेली विद्या आहे. तू तिला माझा आजार म्हणायचीस. तू गेल्यापासून तो आजार वाढलाय. तुझ्या तापाचाही मला संशय येतो. डेंग्यू झाला, प्लेटलेट्स पडल्या, गेली. एवढ्याशा वाक्यात तू मावतेस यावर माझा विश्वास बसत नाही. कोणीतरी काहीतरी लपवतंय असं रोज वाटतं, आणि विचारायला जावं तर लपवण्यासारखं कोणाकडे काही नसतं. डास, ताप, रक्त. त्यांच्याविरुद्ध पत्रक काढता येत नाही.

दादाने इकडेतिकडे पाहिलं आणि विचारलं, "क्रांती, तिच्या गेमची जुनी कॉपी तुज्याकडं हाय ना? आवाजवाली?"

"कशाला हवीय?"

"हाय का नाय ते सांग."

"आधी कशाला ते सांगा."

"अगं, त्यांना चहा तरी घेऊ दे," आई आतून ओरडली.

चहा झाला. मग त्याने काम सांगितलं. ते सांगतेच तुला, पण त्याआधी आपलं बोलू. तू असताना आपलं बोलणं कधी शेवटपर्यंत गेलं नाही. आता निदान मला मध्ये तोडणारं कोणी नाही.

आपली ओळखच मुळी संशयातून झाली. पनवेलच्या एसटी स्टँडवर मी पत्रकं वाटत होते. पत्रक वाटणाऱ्याशी लोक कसे वागतात हे मला लहानपणापासून पाठ आहे. पप्पा कळंबोलीच्या लोखंडबाजारात माथाडी, संघटनेचे जुने कार्यकर्ते. आमच्याकडे कपाटाच्या फळ्यांवर पत्रकंच अंथरलेली असतात आणि मी अक्षरं शिकले ती 'बंधूंनो आणि भगिनींनो'पासून. लोक पत्रक घेतात, घडी घालतात आणि पुढच्या खांबापाशी टाकून देतात. तू घेतलंस आणि तिथेच उभी राहून वरपासून खालपर्यंत वाचलंस. तुझी गाडी लागली, भरली, सुटली, तरी वाचत होतीस. पप्पा सांगायचे, पत्रक इतकं नीट फक्त पोलिसांचा माणूस वाचतो. म्हणून मी तुझ्यावर डोळे रोखून उभी राहिले.

तू वर पाहिलंस आणि म्हणालीस, "यात लिहिलंयस की जमिनी गेल्या. गेल्या म्हणजे कशा गेल्या? साहेब दारात आला तेव्हा कोण कुठे बसलं होतं? आदल्या दिवशी घरात काय जेवण होतं?"

"पत्रकात एवढी जागा नसते."

"माझ्याकडे आहे. तुला गेम खेळता येतो का?"

"नाही."

"उत्तम. मला तशीच पाहिजे."

आता तूच सांग, यावर कोणाला संशय येणार नाही?

तरी मी आले. कोन गावात तुमचं घर शोधत आले आणि घराखालची पाटी वाचून परत फिरणार होते. 'एन. ए. प्लॉट, जमीन खरेदी-विक्री, विश्वासाचे एकमेव ठिकाण.' खाली दादाचं ऑफिस, वर तुझी खोली. त्या खोलीत, दादानेच घेऊन दिलेल्या कॉम्प्युटरवर, तू मिठागराच्या एका गावाचा गेम बनवत होतीस. काकींचं, तुझ्या आईचं माहेर. उरणच्या बाजूचं ते गाव, जिथे आता एकावर एक कंटेनर रचलेले असतात. मी जिन्यातच ठरवलं की यात काहीतरी गडबड आहे. जमीन विकणारं घर जमिनीचा खेळ कशाला बनवेल?

खेळ तसा सोपा होता. भरती आली की उघाडी उघडायची, म्हणजे बांधातलं ते दार. खाडीचं पाणी आत घ्यायचं, वाफ्यांत खेळवायचं, उन्हावर सोडायचं. मीठ पिकलं की ओढून रास करायची. उधाणाने बांधाला खांड पडली तर घरटी एक माणूस गोळा करून ती बुजवायची. मधल्या वेळात गावातली लग्नं, बारशी, भांडणं सांभाळायची. पण सगळंच अर्धवट होतं. पाणी कधी कधी बांधावर चढायचं आणि उतरायचंच नाही, काचेसारखं उभं राहायचं. म्हैस पोटापर्यंत जमिनीत रुतलेली असायची आणि तशीच चालायची. एक म्हातारा कायम छपरावर. त्याला खाली उतरवायचं तुला काही केल्या जमेना, तेव्हा तू त्याच्या बायकोला छपराखाली उभी करून शिव्या द्यायला लावलंस. "म्हणजे लोकांना वाटेल मुद्दाम बसवलाय," तू म्हणालीस.

आणि सगळ्यांचे आवाज तुझे. म्हातारा तू, म्हातारी तू, पोरं तू, मासळीवाली तू. "हे तात्पुरते गं," तू सांगायचीस, "नंतर खरे आवाज घालायचे." तात्पुरते म्हणून तू ते वाटेल तसे भरलेस. कुठे मागून कुकरची शिट्टी ऐकू येते, कुठे एक्सप्रेसवेवरचा हॉर्न. मिठागराच्या गावात कुकरची शिट्टी. मी तक्रार केली तर म्हणालीस, "सुखवस्तू घर आहे ते."

चुका शोधून कळवणं हे माझं काम, पण मला कळवायची एकच भाषा येत होती. 'विषय: छपरावरील वृद्धास न्याय मिळणेबाबत.' ते वाचून तू खुर्चीवरून घसरायची बाकी राहिलीस.

"अगं, ही चूक कळवलीयस की निवेदन दिलंयस? खाली आंदोलनाचा इशारा आहे!"

"मग? वेळेत कारवाई झाली नाही तर?"

पुढच्या खेपेला गेम उघडला तर गावातल्या देवळाच्या भिंतीवर माझं निवेदन चिकटवलेलं. सही-शिक्क्यासकट. मला राग यायला हवा होता. तो आला नाही, हेही मला त्या दिवशी संशयास्पद वाटलं.

मग साहेब आला.

चार-दोन हंगाम नीट गेले की बांधावरून पांढरी गाडी यायची. तुझ्या आजीच्या अंगणात खुर्ची मांडली जायची आणि साहेब म्हणायचा, "आजी, इथं सही करा. बाकीचं आम्ही बघतो." खाली तीन बटणं. हो, नाही, बघू. मी अर्थातच 'नाही' दाबलं. काही झालं नाही. पुन्हा दाबलं. बटण राखाडी, मेल्यासारखं.

"स्वप्ना, 'नाही' दाबलं जात नाही."

"ते अजून केलं नाही."

"'हो' केलंस?"

"ते झालंय."

"'बघू'?"

"तेही झालंय."

"आणि 'नाही' तेवढंच राहिलं?"

"अवघड आहे गं ते."

स्वप्ना, 'ते अजून झालं नाही' हे वाक्य मी जन्मापासून ऐकतेय. रस्त्याबद्दल, पाण्याबद्दल, दाखल्यांबद्दल, खिडकीपलीकडे बसलेल्या प्रत्येक माणसाकडून. तुझ्या तोंडून ते ऐकलं आणि माझं डोकं फिरलं. खाली ती पाटी आणि वर हे बटण. मी सरळ विचारलं, "हे तुला दादाने सांगितलंय का?"

तू चिडली नाहीस. म्हणालीस, "दादाला गेममध्ये बटणं असतात हेही माहीत नाही. त्याला वाटतं मी कार्टून काढते." मग खुर्ची माझ्याकडे वळवलीस. "बरं, तू सांग. 'नाही' म्हटल्यावर काय होतं? मी तसं करते."

मी सांगितलं. गाव एक होतं, मोर्चा निघतो, रस्ता अडतो.

"अडला. मग? पुढच्या पावसाळ्यात बांधावर कोण जातं? मीठ कोण घेतं? आजीचा मुलगा नोकरीला कुठे लागतो?"

"ते लढ्याने ठरेल."

"क्रांते, कॉम्प्युटरमध्ये 'लढ्याने ठरेल' असं लिहिता येत नाही."

यावर मला उत्तर सुचलं नाही. अजूनही सुचलेलं नाही. पण उत्तर सुचलं नाही म्हणून बाजू खोटी ठरत नाही, हेही मी तुला तेव्हाच ऐकवलं होतं.

'बघू'वरून तर आपण पुढे कितीतरी दिवस भांडलो. तुझं म्हणणं, तुझ्या आजोबांनी वर्षानुवर्षं 'बघू'वर काढली. दारात आलेल्याला नाही म्हणायचं नाही, चहा पाजायचा, घरातल्यांना विचारतो म्हणायचं आणि उघाडीवर निघून जायचं. तुमच्या गावांची ती रीत. तुझ्या मते ती हुशारी होती, कारण त्या काळात मीठ पिकत राहिलं, दोन पोरींची लग्नं झाली. माझं म्हणणं, त्याच 'बघू'ने घात केला. प्रत्येक घर आपापल्या ओट्यावर बघू म्हणत बसलं आणि एकमेकांना कोणी विचारलंच नाही. तुझ्या गेममध्ये मी 'बघू' दाबायचे नाही. आणि 'हो' तर त्याहून नाही. साहेब आला की मी गेम बंद करून पहिल्यापासून सुरू करायचे.

"एकदा 'हो' दाबून तर बघ," तू म्हणायचीस. "सगळ्यात जास्त काम त्यात आहे माझं."

"दाबणार नाही. तत्त्व आहे."

"खेळ आहे तो, बये."

"म्हणून तर. खेळातसुद्धा जमीन देऊन टाकायची सवय लागायला नको."

"बरं बाई. राहिलं."

तू प्रत्येक वेळी इतक्या पटकन माघार घ्यायचीस की मला वाटायचं, काहीतरी दडवतेयस.

शेवटचं भांडण पळस्पे फाट्यावर झालं, मिसळ खाताना. दादाच्या नव्या योजनेचं माहितीपत्रक माझ्या हाताला लागलं होतं आणि त्यावर मिठाची एक रास होती, संध्याकाळच्या उन्हातली. मी ती ओळखली. तुझ्या गेममधलीच.

"हे चित्र तू दिलंस?"

"दिलं. मागितलं, दिलं. चित्र तर आहे."

"चित्र नाहीये ते. तुझ्या आईच्या माहेरची रास आहे. आणि तिच्याखाली 'दोन आणि तीन बेडरूम' लिहिलंय."

तू लिंबू पिळत राहिलीस. मग म्हणालीस, "तुला सगळं एका पानात बसवायची सवय झालीय. मला नाही गं बसवता येत. तो माझा भाऊ आहे."

कोनची रिक्षा आली, तू बसलीस. त्यानंतर तुला ताप आला.

मी अजूनही म्हणते, ते चित्र द्यायला नको होतं. तू गेलीस म्हणून मी मत बदललेलं नाही. माणूस मेलं की सगळे मिळून त्याला बरोबर ठरवतात. ते मला आवडत नाही. तुलाही आवडलं नसतं.

पण एक गोष्ट तुला सांगायची राहिली. तुझ्या त्या पहिल्या प्रश्नापासून माझी पत्रकं बिघडली. मी गावोगाव जाऊन विचारू लागले, आदल्या दिवशी काय जेवण होतं? आणि लोक सांगायला लागले, तेही जे एरवी नुसते मान हलवतात. एका पत्रकात मी लिहिलं, 'त्या दिवशी चुलीवर सुकटीचं कालवण होतं आणि ते तसंच राहिलं.' पप्पांनी चष्मा वर करून विचारलं, "मागण्यांच्या मध्ये हे कालवण कशाला?" मी म्हटलं, राहू दे. त्यांनी राहू दिलं. त्या पत्रकाच्या प्रती खांबापाशी टाकलेल्या कमी दिसल्या. हे तुझं माझ्याकडे आहे आणि ते मी मोठ्याने कधी म्हटलं नाही, कारण म्हटलं असतं तर तू वर्षभर चिडवलं असतंस.

आता दादाचं काम.

त्याच्या योजनेचं उद्घाटन आहे. हॉल घेतलाय, मोठा पडदा लावणार आहेत, आणि त्या पडद्यावर तुझा गेम. 'कु. स्वप्नाली हिच्या स्मरणार्थ.' पाहुण्यांनी हातात घेऊन खेळायचा, मग शेजारच्या टेबलावर फ्लॅटचे नकाशे बघायचे. गेम पुरा करायला त्याने एक कंपनी शोधलीय. खरे कलाकार आवाज देणार, ताशे वाजणार, म्हैस जमिनीवरून चालणार. कंपनीचं काम दोन गोष्टींवर अडलंय. एक, 'नाही' दाबल्यावर काय व्हायचं होतं. दोन, जुन्या कॉपी बाहेर फिरायला नकोत. तुझ्या मशीनवरच्या शेवटच्या गेममध्ये आवाज नव्हतेच म्हणे, तू ते काढून टाकले होतेस. तुझा आवाज असलेलं गाव फक्त माझ्या लॅपटॉपवर उरलंय.

"ती कॉपी पुसून टाक," दादा म्हणाला.

"का? गिऱ्हाइकांना तिचा आवाज चालणार नाही?"

त्याने माझ्याकडे पाहिलं. त्याचे कान लाल झाले होते. "मना ऐकवत नाय," तो म्हणाला. "तिचा एक जुना मेसेज चुकून लागला फोनवर. पलस्प्याच्या पुलाखाली गाडी बाजूला घ्यावी लागली."

मी प्लॉट विकणाऱ्या माणसासाठी उत्तर तयार ठेवलं होतं. या माणसासाठी माझ्याकडे काही नव्हतं. मला अजूनही वाटतं तो खरं बोलत होता, आणि मला हेही वाटतं की त्याला हॉलमध्ये कुकरची शिट्टी नको होती. दोन्ही एकाच माणसाच्या पोटात असू शकतं. आमच्या पत्रकांत अशा माणसाला जागा नसायची.

"आन ते 'नाय'चं बटण," त्याने विचारलं. "तुमी दोघी त्याच्यावरून भांडायचा, खाली ऑफिसात ऐकू यायचं. शेवटी काय ठरलं?"

"काही ठरलं नाही."

"मग तू ठरव. तू सांगशील तसं करतील ते."

विचार कर, स्वप्ना. आयुष्यभर मी हेच मागत आले. आमचं नाही ऐका, त्याचं काय होतं ते आम्हाला ठरवू द्या. आणि ते मला मिळत होतं, चहाच्या कपाबरोबर, आमच्याच सोफ्यावर. मी सांगितलं असतं की गाव जिंकतं, तर त्यांनी गाव जिंकवलं असतं. हॉलमधल्या पाहुण्यांनी 'नाही' दाबलं असतं, ताशे वाजले असते, टाळ्या पडल्या असत्या, आणि जमीन वाचवल्याच्या आनंदात लोक फ्लॅटच्या टेबलाकडे गेले असते. आणि हरतं असं सांगितलं असतं, तर तेही त्यांच्या कामाचंच, लोकांनी डोळे पुसून तेच नकाशे पाहिले असते.

मी म्हटलं, "काकींना विचारून सांगते."

"आयेला त्यात नको आनू," तो लगेच म्हणाला.

म्हणजे कुठे जायला हवं ते मला कळलं.

काल दुपारी मी कोनला गेले. काकी मागच्या दारी सुकट निवडत बसल्या होत्या. "आयलीस गो? जेवलीस का?" असं म्हणून पुन्हा ताटात बघायला लागल्या. तू होतीस तोवर त्यांनी तुझा गेम एकदाही पाहिला नव्हता. 'माज्या बापाचा गाव मना खेलायला नको,' असं तुला सांगायच्या. मी शेजारी बसले आणि म्हटलं, "काकी, त्यात तिचा आवाज आहे."

त्यांनी हात धुतले. पदराला पुसले. जिना चढल्या.

तुझ्या खुर्चीच्या अर्ध्याच भागावर त्या बसल्या, बाकीची जागा कोणाची तरी असल्यासारख्या. मी माझा लॅपटॉप लावला. छपराखालची म्हातारी सुरू झाली: "उतर मेल्या, पेज थंड झाली!" काकी एकदम हसल्या. "ही तर माजी मावशी. अशीच बोलायची." मग पदर तोंडावर गेला. मिठाकडे, उघाडीकडे त्यांनी पाहिलंच नाही. एकेका घरापाशी जायच्या, माणसावर दाबायच्या, ते काय बोलतं ऐकायच्या आणि पुढच्या घरी जायच्या. पाणी बांधावर चढून काचेसारखं उभं राहिलं, हंगाम वाया गेले, त्यांना काही फरक पडला नाही.

साहेबाची गाडी आली. "आजी, इथं सही करा. बाकीचं आम्ही बघतो." तू घोगरा काढलेला तो आवाज, आणि त्याच्या शेवटाला, कापायचं राहून गेलेलं, माझं वाक्य: "साहेब नाही वाटत, भाजीवाली वाटतेस." आणि तुझं हसू.

"तू पन हाय त्यात," काकी म्हणाल्या.

त्यांनी बाण पहिल्या बटणावर नेला. मी म्हटलं, "काकी, ते 'हो' आहे. त्याने सही होईल."

"माजी पोर सांगते ना सही कर. तिला काय बोलू, नाय करत?"

आणि दाबलं.

यानंतर काय होतं ते मी कधी पाहिलं नव्हतं. गाडी निघून गेली. मग पहिल्या घराचं दार उघडलं, बाई बाहेर आली, डोक्यावर बोचकं. ती सरळ निघून गेली नाही. तुझ्या आजीच्या अंगणाशी आली, थांबली आणि म्हणाली, "येते गो आये." मग दुसरं घर. "कोंबड्या तुमच्याकडं राहूंदे, येतो." तिसरं. "पोरीच्या लग्नाला बोलवा बरं, येते हां." कोणीच न बोलता गेलं नाही. प्रत्येकाचं निराळं, प्रत्येकाचा गळा निराळा आणि सगळे तूच. सगळ्यात जास्त काम यातच होतं तुझं.

तू दवाखान्यात असताना शेवटी काकींशी एक शब्द बोलू शकली नव्हतीस. काकींनी प्रत्येकाला उत्तर दिलं. "ये." "ये बाय." "सांभालून जा, ये." एकही घर सोडलं नाही.

मी भिंतीला टेकून उभी होते. तू मला हे ऐकवायचा कितीदा प्रयत्न केला होतास आणि मी तत्त्व पुढे करून गेम बंद करत होते. पण माझा संशय गेला म्हणून समजू नकोस. उलट आता नवे आहेत. शेवटी तू आवाज काढून का टाकलेस? खरे आवाज घालायचे म्हणून, दादाने मागितलं म्हणून, की हे निरोप तुलाच ऐकवेनासे झाले? तू 'नाही' राखाडी ठेवलंस ते जमलं नाही म्हणून, की जमवायचंच नव्हतं? 'अवघड आहे' ही मला तेव्हा पळवाट वाटली होती. आता वाटतं, तू कदाचित फक्त खरं बोलत होतीस. कदाचित म्हणतेय मी.

शेवटचा माणूस गेला आणि जमीन राखाडी झाली, चौकोन आखलेली. पुढचं काही केलेलंच नव्हतं. फक्त तो म्हातारा तसाच बसला होता. खालचं घर गेलं होतं, छप्पर गेलं होतं आणि हा हवेत.

"याला का सोडला?" काकींनी विचारलं.

"ती चूक आहे, काकी. गेममधली."

"राहूंदे. कोनीतरी पायजे ना."

तेव्हा दारात हालचाल झाली. दादा उभा होता. कधीपासून, माहीत नाही.

"आये, बंद कर ते."

"तुना ऐकवत नाय तर खाली जा," काकी मान न वळवता म्हणाल्या.

तो गेला नाही. माझ्याकडे बघत म्हणाला, "कंपनीला काय सांगू?"

"सांगा, 'नाही' बंदच राहील. आणि आवाज हेच."

"बंद बटन दिसलं तर लोक बोलतील गेम बिघडलाय."

"बोलू देत."

"हॉलमधी असं चालत नाय, क्रांती."

"मग हॉलमध्ये लावू नका."

त्याने काकींकडे पाहिलं. काकी म्हणाल्या, "तिचा आवाज काढशील तर त्या हॉलमधी मी पाय ठेवनार नाय. फोटोला हार पन तूच घाल."

दादा जिना उतरला. तो काय करेल हे मला माहीत नाही. दुसरी वाट शोधेल असा मला दाट संशय आहे. पण ऑफिसचं शटर उघडल्याचा आवाज आला नाही, तेव्हा बहुतेक तो मधल्या पायरीवर बसला असावा, आणि तिथपर्यंत खोलीतलं ऐकू येतं.

तुझं गाव मी काकींकडे ठेवलं, लॅपटॉपसकट. पप्पांना सांगितलं, पुढचं पत्रक हाताने लिहीन.

निघायच्या आधी काकी म्हणाल्या, "परत लाव गो." मी लावला. घरं झाली, मावशी झाली, साहेब आला. या वेळी काकींनी दोन-तीनदा प्रयत्न केला. बाण बटणाभोवती फिरायचा आणि बसायचा नाही.

"तू दाब," त्या म्हणाल्या.

मी वाकले आणि 'हो' दाबलं. काकींनी पदर सावरला, पहिल्या घराचं दार उघडायची वाट बघत बसल्या, आणि मी त्यांच्या शेजारी, खुर्चीच्या उरलेल्या अर्ध्या भागावर बसले.